१९६९ च्या बाहेर न जाता: ‘अपोलो ११’ माहितीपटाच्या पार्श्वसंगीताचं प्रकरण

हाताशी होतं जुलै १९६९ चं, माणूस चंद्रावर पहिल्यांदा उतरला त्या मोहिमेचं चित्रीकरण. ढीगभर, उत्तम दर्जाचं आणि बरंचसं मुकं. त्यातून ९३ मिनिटांचा माहितीपट करायचा होता, २०१९ चा ‘अपोलो ११’. तो आयमॅक्सच्या पडद्यावर उभा राहायला हवा होता, आणि त्यात नवा निवेदक नको होता, आजच्या काळात घेतलेली एकही मुलाखत नको होती. ‘सत्तरीतले शास्त्रज्ञ खुर्चीत बसून आठवणी सांगताहेत’ हा माहितीपटांचा हमखास साचा दिग्दर्शक टॉड डग्लस मिलर यांनी पहिल्याच दिवशी बाद केला. संकलनही त्यांनीच केलं.

निवेदक काढला की त्याचं काम कुणाला तरी करावं लागतं. थोडं काम वॉल्टर क्रॉन्काइटसारख्या त्या काळच्या वृत्तनिवेदकांनी आणि नासाच्या जनसंपर्क अधिकाऱ्यांनी केलं, कारण त्यांचे आवाज त्याच दिवसांतले होते. उरलेलं सगळं आलं संगीतकार मॅट मॉर्टन यांच्या वाट्याला. मॉर्टन आणि मिलर दोघेही ओहायोचे, जुने मित्र. ‘डायनोसॉर १३’ हा २०१४ चा माहितीपट त्यांनी एकत्र केलेला. नील आर्मस्ट्राँगही ओहायोचाच, पण त्या योगायोगात फार काही शोधायला नको.

पुराणचित्रणावर, म्हणजे जतन केलेल्या जुन्या चित्रीकरणावर, संगीत करताना संगीतकार नेमका काय निर्णय घेतो आणि त्या निर्णयाची किंमत कशी मोजतो, हे या चित्रपटात स्वच्छ दिसतं. कथापटात ते सहसा झाकलेलं राहतं.

रिळं आणि टेपा

आधी साहित्य पाहू, कारण संगीताच्या अडचणी तिथूनच सुरू होतात.

२०१७ मध्ये अमेरिकेच्या नॅशनल आर्काइव्हजमधून मिलर यांना कळवण्यात आलं की मोठ्या आकाराच्या फिल्मची १६५ रिळं सापडली आहेत आणि त्यातली ६१ थेट अपोलो ११ शी संबंधित आहेत. ही ६५ मिलिमीटरची फिल्म. प्रक्षेपणतळाकडे इंच-इंच सरकणारं महाकाय क्रॉलर वाहन, समुद्रकिनाऱ्यावर गाड्यांच्या टपावर बसलेली गर्दी, अंतराळपोशाख चढवताना दिसणारे तिघा अंतराळवीरांचे चेहरे, सगळं असं लख्ख की काल टिपल्यासारखं वाटावं. याच प्रकारच्या चित्रीकरणाचा काही भाग घेऊन सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला थिओ कामेकी यांनी ‘मूनवॉक वन’ हा माहितीपट केला होता आणि त्याला चार्ल्स मॉरो यांचं संगीत होतं. म्हणजे या प्रतिमांना सूर लावणारे मॉर्टन पहिले नव्हेत.

दुसरा ढीग आवाजाचा. ह्यूस्टनच्या नियंत्रणकक्षातलं प्रत्येक टेबल एका वेगळ्या वाहिनीवर बोलायचं आणि ते सगळं ३० ट्रॅकच्या टेपांवर एकाच वेळी मुद्रित व्हायचं. या टेपा वाजवू शकणारं यंत्र नासाकडे शिल्लक होतं, पण ते एका वेळी एकच ट्रॅक वाचायचं. डॅलसच्या टेक्सास विद्यापीठातल्या जॉन हॅन्सन यांच्या चमूने सगळे ट्रॅक एकदम वाचणारं नवं हेड बनवून घेतलं, तेव्हा कुठे काम आवाक्यात आलं. चित्रपटासाठी सुमारे ११,००० तासांचं ध्वनिमुद्रण उपलब्ध झालं. टेप जुनी झाली की तिचा वेग डळमळतो आणि आवाज लहरतो. बेन फाइस्ट या कॅनडातल्या सॉफ्टवेअर अभियंत्याने प्रोग्रॅम लिहून ते लहरणं बरंच काबूत आणलं. ब्रिटनच्या स्टीफन स्लेटर यांनी तर नियंत्रणकक्षातली १६ मिलिमीटरची मुकी दृश्यं घेतली, कोण कुठे बसलंय आणि ओठ कसे हलताहेत हे पाहिलं, टेपांतून त्या माणसाचं नेमकं तेच वाक्य शोधलं आणि ते त्याच्या तोंडी परत बसवलं. असल्या कामाला पुरस्कारांत वेगळा विभाग नसतो; असायला हवा.

संगीतकाराच्या टेबलावर आला तो हा सगळा मामला: एकीकडे मुकं चित्र आणि दुसरीकडे अखंड बोलणारी माणसं.

अट

मॉर्टन यांनी ठरवलं की १९६९ मध्ये जे वाद्य किंवा जे ध्वनिसाधन अस्तित्वात नव्हतं, ते वापरायचं नाही.

आज संगणकावर काम करणाऱ्या संगीतकारासाठी याचा अर्थ काय होतो ते पाहा. खरे आवाज मुद्रित करून पट्ट्यांवर वाजवू देणारा फेअरलाइटसारखा सॅम्पलर १९७९ चा, म्हणजे बाद. आवाजाची जुळणी लक्षात ठेवणारा प्रॉफेट-५ हा सिंथेसायझर १९७८ चा, तोही बाद. इलेक्ट्रॉनिक वाद्यांना एकमेकांशी बोलू देणारी मिडी १९८३ ची, बाद. डिजिटल प्रतिध्वनी सत्तरच्या दशकाच्या मध्यावर आला, तोही गेला. आजच्या कुठल्याही माहितीपटात ज्या गुळगुळीत, न संपणाऱ्या स्वरांच्या गादीवर दृश्यं लोळत असतात, ती गादीच या यादीबरोबर निघून जाते. हातात उरतो विजेवर सूर निर्माण करणारा मूग सिंथेसायझर, पट्टी दाबली की टेपवरचा आवाज वाजवणारं मेलोट्रॉन, हॅमंड ऑर्गन, ड्रम, तंतुवाद्यांचा आणि पितळी वाद्यांचा मेळ, आणि बिनसन एकोरेक हे इटलीत बनलेलं एको देणारं यंत्र, ज्यात आवाज एका फिरत्या चुंबकीय चकतीवर लिहिला जातो आणि थोड्या थोड्या अंतरावरच्या हेडांनी पुन्हा पुन्हा वाचला जातो. अट वाद्यांना आणि त्यांच्यावर प्रक्रिया करणाऱ्या साधनांना होती. मिश्रण मात्र आजच्या चित्रपटगृहासाठी, आजच्याच पद्धतीने झालं.

वरवर पाहता ही हौस वाटेल. जुन्या वाद्यांचा षौक असणारे संगीतकार जगात पुष्कळ आहेत आणि त्यातल्या काहींचं संगीत म्हणजे निव्वळ वाद्यसंग्रहालयाची सहल असते. इथे कारण वेगळं होतं. निवेदन आणि मुलाखती टाळून मिलर यांनी प्रेक्षकाला जुलै १९६९ मध्येच ठेवायचं ठरवलं होतं, पुढे काय झालं ते ठाऊक नसलेल्या माणसासारखं. त्या चौकटीत २०१९ चा एखादा ओळखीचा सिंथ घुसला असता, तर कुणी काही न बोलताही प्रेक्षकाच्या कानात ‘आज’ शिरला असता. अटीचं खरं काम हे दार बंद करणं.

आणि दुसरी बाजूही त्याच अटीतून सुटते. १९६९ चं म्हणून जाझ वाजवलं असतं किंवा हिप्पी गिटार वाजवली असती, तर चित्रपट स्मरणरंजन झाला असता. मूग हे त्या वर्षी भविष्याचं वाद्य होतं. रॉबर्ट मूग यांनी संगीतकार हर्बर्ट डॉइच यांच्यासोबत पहिला नमुना तयार केला १९६४ मध्ये. वेंडी कार्लोस यांनी मूगवर वाजवलेल्या बाखची तबकडी निघाली १९६८ मध्ये, आणि सर्वसामान्य श्रोत्याला हा आवाज पहिल्यांदा कळला. म्हणजे चंद्रावर माणूस उतरला तेव्हा हे वाद्य लोकांच्या कानांना नवंकोरं होतं. मॉर्टन यांना त्या काळातलं, पण जुनं न वाटणारं काहीतरी हवं होतं, आणि ते इथे सापडलं.

इतिहासही या निवडीच्या बाजूने उभा राहतो. २० जुलैच्या रात्री बीबीसीच्या स्टुडिओत पिंक फ्लॉइड चंद्रावरच्या कार्यक्रमासाठी उत्स्फूर्त वाजवत होते. बिनसन एकोरेक हा त्यांच्या त्या काळातल्या ध्वनीचा कणा. आणि खुद्द यानात परतीच्या वाटेवर आर्मस्ट्राँगने एक टेप लावली होती, १९४७ ची ‘म्युझिक आउट ऑफ द मून’, थेरेमिन या विद्युतवाद्यावरची. वर्षभर आधी आलेल्या ‘फर्स्ट मॅन’ या कथापटात जस्टिन हरविट्झ यांनी हाच धागा पकडून थेरेमिन वापरलं. अंतराळ म्हटलं की स्ट्रॉसचं वॉल्ट्झ, ही १९६८ च्या ‘२००१: अ स्पेस ओडिसी’ या चित्रपटापासून डोक्यात बसलेली जोडी मॉर्टन यांनी बाजूला ठेवली, हे बरंच झालं.

मूग वाजवणं म्हणजे काय

मॉर्टन यांच्याकडचं यंत्र होतं मूग सिंथेसायझर थ्री-सी. साठच्या दशकातलं मूळ यंत्र नव्हे; मूग कंपनीने जुन्या आराखड्याबरहुकूम पुन्हा बनवलेली मर्यादित आवृत्ती. लाकडी कपाटांत ओळीने बसवलेले घटक: सूर निर्माण करणारे ऑसिलेटर, तो तासणारे फिल्टर, चढउतार ठरवणारी मंडळं. घटक एकमेकांशी जोडलेले नसतात. वाजवणाऱ्याने वायरींनी ते जोडायचे, आणि जोडणी बदलली की आवाज बदलला.

यात काहीच साठवून ठेवता येत नाही. आज सापडलेला सुंदर आवाज वायरी काढल्या की गेला. कागदावर बटणांच्या जागा टिपून ठेवल्या तरी उद्या तो हुबेहूब येईलच असं नाही, कारण खोलीचं तापमान बदललं की ऑसिलेटर सूर सोडतात. तबला उतरला की हातोडी हाती घेणाऱ्यांना यात नवल वाटणार नाही, पण चित्रपटाच्या वेळापत्रकात ही चैन परवडत नाही. दिग्दर्शकाने दृश्य बारा सेकंदांनी कापलं आणि ‘तोच आवाज, जरा लवकर संपव’ म्हटलं, तर संगणकावर ते दोन मिनिटांचं काम असतं. इथे आवाजच नव्याने शोधायला लागू शकतो.

शिवाय हे वाद्य एका वेळी एकच स्वर वाजवतं. तीन स्वर एकत्र हवे असतील तर तीनदा वाजवून थर लावा, किंवा ऑसिलेटरच वेगवेगळ्या स्वरांना लावून ठेवा आणि मग पट्टी दाबली की सगळे एकदम, ठरल्या अंतरानेच, वर-खाली होतात. पाश्चात्त्य संगीतकाराला हा जाच वाटेल. आपल्या कानाला मात्र हा एकसुरी प्रवाह परका नाही. एक स्वर धरायचा, तो हळूहळू उजळत न्यायचा, त्याच्या आतच हालचाल करायची, हे आपण तंबोऱ्यापाशी बसून ऐकतच आलो आहोत. पहिल्या दृश्यात क्रॉलरचे पट्टे सरकू लागतात तेव्हा खर्जातला जो आवाज पसरतो, त्याची ताकद चालीत नाही. एकाच ठिकाणी थांबण्यात आहे.

मधला पट्टा आधीच भरलेला

या चित्रपटातली खरी कारागिरी माझ्या मते इथे आहे, आणि तिच्याबद्दल सर्वांत कमी बोललं जातं.

रेडिओवरून येणारा माणसाचा आवाज साधारण ३०० ते ३००० हर्ट्झच्या पट्ट्यात दाबलेला असतो. टेलिफोनसारखा, नाकातून आल्यासारखा. चित्रपटभर हेच आवाज आहेत आणि ते ऐकू येणं सक्तीचं आहे, कारण कथा तेच सांगताहेत. व्हायोलिन, क्लॅरिनेट, पियानोची मधली सप्तकं, म्हणजे भावना पोचवायला संगीतकार जे हमखास वापरतो, ते सगळं नेमकं याच पट्ट्यात राहतं. तिथे वाजवाल तर संवाद बुडेल.

त्यात भर क्विंदार सुरांची. अपोलोच्या संभाषणांत प्रत्येक वाक्याच्या मागेपुढे जे ‘पीप’ ऐकू येतं, ते दूरवरच्या स्थानकांवरचं प्रक्षेपण चालू-बंद करणारे दोन संकेत आहेत: २५२५ आणि २४७५ हर्ट्झचे, पाव सेकंदाचे. हार्मोनियमच्या भाषेत सांगायचं तर दोन्ही काळी दोनच्या आसपास, खूप वरच्या सप्तकात. एक काळी दोनपेक्षा किंचित चढा, दुसरा किंचित उतरलेला. म्हणजे चित्रपटात सतत एक बेसूर घंटी वाजते आहे आणि ती काढता येत नाही, कारण ती दस्तऐवजाचा भाग आहे. अशा चित्रणावर संगीत करणाऱ्याला तिच्याशी जुळवून घ्यावं लागतं किंवा तिच्यापासून इतकं लांब राहावं लागतं की ती खटकणार नाही.

दोन्ही अडचणींवर मूगचा फिल्टर उतारा ठरतो. वरचे ध्वनितरंग कापत जाऊन खालचा गाभा शिल्लक ठेवणं, ही त्याची खासियत. फिल्टर बंद ठेवला तर संगीत तळाशी राहतं, संवादांच्या खाली, आणि पीपच्या कितीतरी सप्तकं खाली. माणसं गप्प झाली की फिल्टर उघडायचा. तोच स्वर वर पसरतो आणि मोकळी झालेली जागा भरतो. स्वर न बदलता, ठेका न बदलता ताण वाढवता येतो.

चंद्रावर उतरण्याचा प्रसंग याच दृष्टीने पाहावा. यानाच्या खिडकीतून टिपलेलं दृश्य चित्रपटात सलग धावतं. पडद्यावर उंची, वेग आणि इंधनाचे आकडे, कानात यानाच्या संगणकाचे १२०२ आणि १२०१ हे धोक्याचे इशारे, मग ‘साठ सेकंद’, मग ‘तीस सेकंद’. प्रत्यक्ष चित्रात दिसतं काय? करडी जमीन, थोडी हलणारी. बोलणाऱ्यांचा सूर तर इतका शांत की कुणीतरी किराणा मालाची यादी वाचत असावं. या दृश्याला जिवावरचा प्रसंग बनवतो तो खालून चालणारा इलेक्ट्रॉनिक ठोका. तो बंद करून प्रसंग पाहिला तर आकडे तेच राहतात, पण छातीत काही होत नाही.

प्रक्षेपणाच्या वेळी तिघांच्या नाडीचे ठोके सांगितले जातात: आर्मस्ट्राँग ११०, कॉलिन्स ९९, आल्ड्रिन ८८. संगीतकारही आपली लय मिनिटाला किती ठोके अशीच मोजतो. इतकी नेमकी माहिती मिळाल्यावर ढोल बडवण्याचा मोह आवरणं, यालाच मी संयम म्हणेन. आणि सॅटर्न ५ रॉकेटची पाच एफ-वन इंजिनं पेटल्यावर तर खर्ज त्यांच्याच मालकीचा होतो. त्यापुढे कुठलंही वाद्य टिकत नाही. कधी बाजूला व्हायचं, हेही पार्श्वसंगीताचं कामच.

जाता जाता आपल्याकडचं. कृष्णधवल चित्रण दिसलं की खाली सारंगी किंवा बासरी, स्वातंत्र्यलढा असेल तर वर थोडी तंतुवाद्यं, आणि सगळं एखाद्या तयार संग्रहातून उचललेलं, ही सवय मराठी माहितीपटांना लागली आहे. पैसे नसतात, हे खरं. पण १९४२ च्या चित्रणाखाली २०१० च्या कीबोर्डावरची कृत्रिम सारंगी लावायला पैशांची अडचण हे कारण पुरत नाही. एक खरी पेटी आणि ती वाजवणारा माणूस त्याहून महाग पडत नाही.

खरं-खोटं

आता आक्षेप. पुराणचित्रण म्हणजे पुरावा; त्यावर संगीत चढवणं म्हणजे पुराव्याशी छेडछाड, असं मानणारे अभ्यासक आहेत आणि त्यांचं म्हणणं हसण्यावारी नेण्यासारखं नाही. उतरणीच्या प्रसंगात छातीत जे होतं, ते ह्यूस्टनमध्ये बसलेल्या माणसांना तसंच झालं होतं, हे संगीत परस्पर ठरवून टाकतं.

तरीही या चित्रपटापुरतं पाहिलं तर संशयाची सुई मला भलतीकडे वळलेली दिसते. चित्रीकरण बरंचसं मुकं होतं, हे वर आलंच. मग क्रॉलरच्या पट्ट्यांची घरघर, गर्दीची कुजबुज, पावलं, दारं हे कुठून आलं? ध्वनिरचनाकार एरिक मिलानो यांच्या चमूने ते उभं केलं: काही जुन्या ध्वनिमुद्रणांतून, काही नव्याने. काम अप्रतिम आहे. पण पडद्यावर पट्टा फिरतो आणि घरघर ऐकू येते, तेव्हा ती त्याच पट्ट्याची, त्याच सकाळची आहे, असंच प्रेक्षक मानतो. शंका घ्यायला त्याला काही कारणच मिळत नाही. संगीताबद्दल मात्र कुणाचीच फसगत होत नाही. प्रक्षेपणतळाच्या मैदानात कुणी मूग घेऊन बसलेलं नव्हतं, हे सगळ्यांना कळतं. जोडलेल्या आवाजांमध्ये ‘मी जोडलेला आहे’ असं उघड सांगणारा आवाज एकच, संगीताचा.

म्हणून मॉर्टन यांची अट मला आणखी महत्त्वाची वाटते. पुन्हा घडवलेल्या यंत्रावर, पुन्हा घडवलेल्या काळासाठी, पण उघडपणे आपलं मत म्हणून वाजवलेलं हे संगीत आहे. त्याच्याशी असहमत होता येतं. उदाहरणार्थ, अंतराळपोशाख चढवताना तिघांच्या कुटुंबांची छायाचित्रं झरझर सरकतात, तिथे संगीत मला थोडं जास्त समजावून सांगणारं वाटतं. आर्मस्ट्राँगच्या चेहऱ्यावरचा ताण मोठ्या फिल्मवर इतका स्पष्ट आहे की मदतीची गरज नव्हती. घरघरीशी असं भांडता येत नाही, कारण ती मत म्हणून समोर येतच नाही.

चित्रपटात संगीताचा एक तुकडा असा आहे की ज्याला यातला कुठलाच आक्षेप लागू होत नाही. जॉन स्टुअर्ट यांचं ‘मदर कंट्री’ हे गाणं आल्ड्रिनने यानात टेपवर लावलं होतं आणि ते मोहिमेच्या ध्वनिमुद्रणात आलं. मिलर यांनी ते तिथून शोधून काढून चित्रपटात घेतलं. म्हणजे एकाच ९३ मिनिटांत तीन तऱ्हेचे आवाज नांदतात: त्या दिवशीचा, त्या दिवशीचा वाटणारा, आणि त्या दिवसासाठी नंतर रचलेला.

२०२० च्या एमी या अमेरिकी टीव्ही पुरस्कारांत ‘अपोलो ११’ ला तीन पुरस्कार मिळाले: चित्रसंकलन, ध्वनिसंकलन आणि ध्वनिमिश्रण. मॉर्टन यांचं संगीत मिलान रेकॉर्ड्सने २०१९ मध्येच स्वतंत्रपणे प्रकाशित केलं आणि ते चित्राशिवायही ऐकता येतं. बाकीच्या आवाजांपैकी कोणता १९६९ चा आणि कोणता नंतरचा, हे सांगणारी एकही ओळ चित्रपटभर पडद्यावर येत नाही.